अंड्याविना जन्मलेला राजा

सन 414. आजच्या चीनमधल्या जीलिन प्रांतात, यालू नदीच्या खोऱ्यातल्या जिआन इथे एका राजाने आपल्या दिवंगत वडिलांसाठी सहा मीटरहून उंच शिळा उभारली. वडील म्हणजे गोगुर्यो राज्याचा पराक्रमी राजा ग्वांगेटो आणि मुलगा राजा जांगसू. शिळेच्या चारही बाजूंवर चिनी लिपीत जवळपास पावणेअठराशे अक्षरं कोरली आहेत आणि मजकुराची सुरुवात रिवाजाप्रमाणे घराण्याच्या मूळ पुरुषापासून होते. त्याचं नाव चुमो, म्हणजेच नंतरच्या ग्रंथांतला जुमोंग. तो स्वर्गाधिपतीचा पुत्र, आई नदीदेवाची लेक, आणि तो अंडं फोडून या जगात आला, असं शिळा ठामपणे सांगते.

15 मे 2006 रोजी दक्षिण कोरियाच्या एमबीसी वाहिनीवर ‘जुमोंग’ नावाची मालिका सुरू झाली. दर सोमवारी आणि मंगळवारी रात्री ती लागायची. ठरले होते साठ भाग. लोकप्रियतेमुळे ते 81 झाले आणि मार्च 2007मध्ये मालिका संपली, तेव्हा तिचा प्रेक्षकवाटा पन्नास टक्क्यांच्या आसपास पोहोचला होता. या 81 भागांत युद्धं आहेत, कारस्थानं आहेत, प्रेमभंग आहे, पोलाद बनवण्याची गुपितं आहेत. फक्त अंडं नाही.

हे अंडं कुठे गेलं, याचा माग काढला की प्राचीन लोकांवरच्या आणि राष्ट्राच्या जन्मावरच्या मालिका कशा घडतात, ते बरंचसं उलगडतं.

जुमोंगची कथा सविस्तर सांगणारे कोरियन ग्रंथ त्याच्या काळापासून फार दूरचे आहेत. परंपरेनुसार गोगुर्योची स्थापना इसवीसनपूर्व 37मध्ये झाली. किम बुशिक या दरबारी विद्वानाने ‘सामगुक सागी’ हा गोगुर्यो, बेक्जे आणि शिल्ला या तीन राज्यांचा इतिहास पुरा केला तो 1145मध्ये. कवी ई ग्यूबोने जुमोंगवरचं दीर्घकाव्य रचलं 1193मध्ये. आणि इर्यॉन या बौद्ध भिक्षूचा ‘सामगुक युसा’ हा कथासंग्रह आला तेराव्या शतकाच्या अखेरीस. म्हणजे घटना आणि ग्रंथ यांच्यात अकराशे ते तेराशे वर्षांचं अंतर आहे. त्या मानाने जिआनची शिळा बरीच जवळची, तरीही साडेचारशे वर्षांनंतरची.

या साधनांतली गोष्ट थोडक्यात अशी. स्वर्गपुत्र हेमोसू पाच ड्रॅगनांच्या रथातून पृथ्वीवर उतरतो आणि नदीदेवाची मुलगी युह्वा हिच्याशी संग करून निघून जातो. बाप लेकीला घराबाहेर काढतो. बुयो राज्याचा राजा गुमवा तिला आश्रय देऊन एका खोलीत कोंडतो. तिथे सूर्यकिरण तिचा पाठलाग करतात, ती गर्भवती होते आणि भलंमोठं अंडं घालते. राजा ते कुत्र्यांपुढे, डुकरांपुढे टाकतो. ती तोंड लावत नाहीत. रस्त्यावर टाकलं तर गुरं-घोडी वळसा घालून जातात. रानात टाकलं तर पाखरं त्यावर पंख पसरतात. शेवटी आईच्या हवाली केलेल्या त्या अंड्यातून मुलगा निघतो. सातव्या वर्षी तो स्वतः धनुष्य बनवतो आणि त्याचा एकही बाण चुकत नाही. मोठेपणी त्याला राजाच्या तबेल्यात कामाला लावतात. तो उमद्या घोड्याला मुद्दाम कमी चारतो आणि मठ्ठ घोडे पोसतो, म्हणजे राजा धष्टपुष्ट घोडे स्वतःकडे ठेवील आणि रोडावलेला उमदा घोडा आपल्या वाट्याला येईल. राजपुत्र जिवावर उठतात तेव्हा तो पळतो, वाटेत नदी आडवी येते, आणि मासे व कासवं पाठीला पाठ लावून त्याच्यासाठी पूल करतात.

मालिकेत हेमोसू स्वर्गातून उतरत नाही. तो चीनच्या हान साम्राज्याविरुद्ध लढणारा बंडखोर सेनापती आहे. इसवीसनपूर्व 108मध्ये हान सम्राट वू याने गोजोसन हे राज्य जिंकून तिथे चार लष्करी परगणे बसवले, हा इतिहास. त्या पाडावानंतर देशोधडीला लागलेल्या लोकांचा वाली म्हणजे मालिकेतला हेमोसू. त्याच्या फौजेचं नाव ‘दमुल’. हा शब्द ‘सामगुक सागी’त एका जिंकलेल्या मुलखाच्या नावात येतो, गोगुर्योच्या भाषेत त्याचा अर्थ जुनी भूमी परत मिळवणं, एवढंच किम बुशिक सांगतो. पटकथाकारांनी त्या एका शब्दातून अख्खी सेना उभी केली. हेमोसू पकडला जातो, त्याचे डोळे जातात, वीस वर्षं तो अंधारकोठडीत खितपत पडतो आणि तिथेच बुयोच्या राजवाड्यात वाढलेल्या भित्र्या, लाडावलेल्या जुमोंगला शस्त्रविद्या शिकवतो. हा आपला बाप आहे, हे त्या वेळी पोराला ठाऊक नसतं. पुढे जुमोंग बापाचं काम हाती घेतो, निर्वासितांना एकत्र करतो आणि हानच्या पोलादी फौजेला तोंड देत नवं राज्य उभारतो.

हे सगळं पडद्यावर पटतं. अंड्यातून निघालेला आणि कासवांच्या पाठीवरून नदी ओलांडलेला नायक एकविसाव्या शतकातल्या दिवाणखान्यात परीकथेतला वाटला असता. सावत्र भावांचा छळ सोसून, चुकत-माकत मोठा झालेला बंडखोर ‘ऐतिहासिक’ वाटतो. पण साधनांशी ताडून पाहिलं तर हिशेब बरोबर उलटा निघतो. अंडं शिळेवर कोरलेलं आहे, गोगुर्योच्या राजघराण्याने स्वतःविषयी तेच सांगितलं होतं. दमुल सेना मात्र कुठेच नाही. हेमोसूने हान साम्राज्याविरुद्ध लढा दिला, असं कोणताही जुना ग्रंथ म्हणत नाही. चमत्कार गाळून मालिका जितकी खरी भासू लागली, तितकीच ती मूळ साधनांपासून दूर गेली.

आणि गाळलेल्या जागी जे भरलं, ते 2006 सालचं होतं.

त्याआधी चार वर्षं, फेब्रुवारी 2002मध्ये, चीनच्या सामाजिक शास्त्र अकादमीने ईशान्येकडच्या तीन प्रांतांच्या इतिहासाचा पाच वर्षांचा संशोधन प्रकल्प हाती घेतला होता. कोरियात तो ‘ईशान्य प्रकल्प’ म्हणूनच कुप्रसिद्ध झाला. गोगुर्यो हे चीनमधल्या एका अल्पसंख्य लोकसमूहाचं स्थानिक राज्य होतं, अशी मांडणी त्यातून पुढे आली. 2004 साली चीनच्या परराष्ट्र मंत्रालयाच्या संकेतस्थळावरच्या कोरियाविषयक माहितीतून गोगुर्योचं नाव उडालं आणि सोलमध्ये संतापाची लाट उसळली. त्याच वर्षीच्या जुलैमध्ये चीनमधल्या सुझोऊ इथे युनेस्कोच्या जागतिक वारसा समितीचं अधिवेशन भरलं. चीनने जिआन आणि हुआनरेन इथल्या गोगुर्यो राजधान्या व थडगी पुढे केली, उत्तर कोरियाने आपल्या हद्दीतली गोगुर्योची थडगी. समितीने दोन्ही प्रस्ताव एकाच अधिवेशनात मान्य केले. एकाच राज्याचे अवशेष दोन देशांच्या नावे, दोन स्वतंत्र नोंदींत यादीत गेले. ऑगस्टमध्ये चीन आणि दक्षिण कोरिया यांच्यात पाच मुद्द्यांचा तोंडी समझोता झाला. दक्षिण कोरियाने गोगुर्योच्या अभ्यासासाठी सरकारी मदतीने एक प्रतिष्ठान काढलं आणि 2006मध्ये ते ईशान्य आशियाई इतिहास प्रतिष्ठानात विलीन केलं.

या पार्श्वभूमीवर 2006च्या मे महिन्यात ‘जुमोंग’ आली. जुलैमध्ये एसबीएस वाहिनीने गोगुर्योच्या अखेरच्या काळातला हुकूमशहा सेनानी ‘यॉन गेसोमुन’ याच्यावर शंभर भागांची मालिका सुरू केली. सप्टेंबरमध्ये सार्वजनिक प्रसारण संस्था केबीएस 134 भागांची ‘दे जोयोंग’ घेऊन आली. तिचा नायक गोगुर्यो बुडाल्यावर 698मध्ये बाल्हे राज्य स्थापणारा. पुढच्या वर्षी एमबीसीनेच राजा ग्वांगेटोवर ‘तेवांग साशिनगी’ ही खर्चिक, अद्‌भुताकडे झुकणारी मालिका काढली आणि बे योंगजून या आशियाभर गाजलेल्या नटाला त्यात घेतलं. दीड वर्षाच्या आत तिन्ही मोठ्या वाहिन्या एकाच प्राचीन राज्यात जाऊन पोहोचल्या. हान आणि तांग फौजा प्रत्येक आठवड्याला सीमेवर उभ्या ठाकत होत्या आणि प्रेक्षकांना त्या फौजा नेमक्या कुणाच्या, हे सांगावं लागत नव्हतं.

तोपर्यंत कोरियन ऐतिहासिक मालिका बहुतेक करून जोसन काळात रमत. 1392 ते 1910 या पाच शतकांच्या त्या राजवटीचे दरबारी वृत्तान्त 1,893 खंडांत जपले गेले आहेत. राणीने काय म्हटलं, मंत्र्याने काय उत्तर दिलं, कोणत्या दिवशी गारा पडल्या, सगळं त्यांत सापडतं. 2003मध्ये गाजलेल्या ‘दे जांग गम’ या राजवैद्येच्या मालिकेला तिथल्या मोजक्या ओळींचाच आधार होता, पण तिच्या भोवतीचा राजवाडा, राजा, मुदपाकखाना, पदं, शिक्षा यांची माहिती मुबलक होती. तीन राज्यांच्या काळात शिरलं की ही सोय संपते. जुमोंगच्या सबंध कारकिर्दीला ‘सामगुक सागी’त काही पानांपलीकडे जागा नाही. तासाभराचे 81 भाग त्यातून काढायचे, तर दर आठवड्याला नवं संकट, नवा विश्वासघात, नवी सुटका कल्पनेतूनच आणावी लागते.

सोसोनोचं उदाहरण घ्या. मालिकेत ती व्यापारी काफिल्याची तडफदार तरुण म्होरकी आहे. जुमोंगचं पहिलं प्रेम, नंतर त्याची राणी, आणि शेवटी आपल्या दोन मुलांना घेऊन दक्षिणेला निघून जाणारी स्वाभिमानी स्त्री. तिचं हे जाणं ‘सामगुक सागी’त नोंदलेल्या एका पर्यायी कथेत आहे. तिचा मुलगा ओंजो याने पुढे दक्षिणेत बेक्जे राज्य स्थापलं. पण त्याच कथेत जुमोंगला भेटली तेव्हा ती दोन मुलांची विधवा होती, आणि ओंजोची आई एकसष्टाव्या वर्षी वारली या नोंदीवरून हिशेब केला तर ती जुमोंगपेक्षा आठेक वर्षांनी मोठी होती. सत्तेच्या जुळणीसाठी नवागत तरुणाने स्थानिक सरदाराच्या विधवा मुलीशी केलेलं लग्न हे राज्य कसं उभं राहतं, याचं फार बोलकं चित्र झालं असतं. वाहिनीला प्रेमकथा हवी होती.

याहून पेचाचा प्रसंग 2009च्या ‘सोनडक’ या मालिकेत आला. शिल्ला राज्याच्या राणीवरची ही मालिका तिची प्रतिस्पर्धी मिशिल हिच्यामुळे गाजली. गो ह्यॉनजंगने रंगवलेली ही कपटी, हुशार दरबारी बाई नायिकेलाही झाकोळून गेली. मिशिलचा उल्लेख ‘सामगुक सागी’त नाही, ‘सामगुक युसा’तही नाही. ती सापडते फक्त ‘ह्वारांग सेगी’ या ग्रंथाच्या हस्तलिखितात, आणि हे हस्तलिखित 1989मध्ये प्रथम उजेडात आलं. ते जुन्या ग्रंथाची खरी नक्कल आहे की विसाव्या शतकात कुणी रचलेली बनावट, यावर कोरियन इतिहासकारांत अजून एकमत नाही. चाळीस टक्क्यांहून अधिक प्रेक्षकवाटा मिळवलेल्या मालिकेने मात्र मिशिलला घरोघरी पोहोचवून टाकलं.

पडद्यावरचा गोगुर्यो दिसतो कसा, ही आणखी एक अडचण. राज्याचा गाभा आजच्या ईशान्य चीनमध्ये आणि उत्तर कोरियात. दक्षिण कोरियात त्याच्या खुणा थोड्या: चुंगजूजवळ 1979मध्ये ओळख पटलेली एक शिळा, सोलच्या पूर्वेकडच्या आचासान डोंगरावरच्या चौक्या. त्यामुळे ‘जुमोंग’चं बुयो उभं राहिलं देशाच्या पार नैर्ऋत्येला, नाजू या गावाजवळच्या सेटवर, त्या भूमीवर गोगुर्योची सत्ता कधीच नव्हती. ग्वांगेटोच्या मालिकेचं नगर थेट जेजू बेटावर बांधलं गेलं. वेशभूषेचा मुख्य आधार म्हणजे थडग्यांतली भित्तिचित्रं. उत्तर कोरियातल्या आनाक इथल्या क्रमांक तीनच्या थडग्यात अडीचशेहून अधिक माणसांची मिरवणूक रंगवलेली आहे. त्यात चिलखत घातलेले स्वार आणि चिलखती झूल पांघरलेले घोडे दिसतात. जिआनच्या चित्रांत ठिपक्यांचे झगे घातलेले नर्तक आहेत, मागे वळून बाण सोडणारे शिकारी आहेत. चित्रं अप्रतिम आहेत, पण आनाकचं थडगं 357 सालचं. इसवीसनपूर्व पहिल्या शतकातल्या माणसांना त्यावरून कपडे शिवणं म्हणजे चारशे वर्षं ओलांडणं. त्यात आणखी एक गाठ अशी की आनाकच्या थडग्यात ज्याच्या मृत्यूची नोंद आहे, तो दोंग शोऊ हा आजच्या चीनमधल्या यान राज्यातून पळून गोगुर्योच्या आश्रयाला आलेला अधिकारी होता. ज्या चित्रांवरून ‘अस्सल गोगुर्यो’ पोशाख ठरतो, त्यांतलं एक ठळक चित्र अशा सरमिसळीच्या जगातून आलं आहे.

गोगुर्योला राष्ट्राच्या केंद्रस्थानी आणण्याचं काम दूरचित्रवाणीने सुरू केलेलं नाही. त्याचा उगम जपानी वसाहतवादाच्या सावलीत आहे. 1883 साली साको कागेआकी नावाच्या जपानी लष्करी अधिकाऱ्याने जिआनच्या शिळेच्या मजकुराची प्रत जपानला नेली. तिथल्या अभ्यासकांनी त्यातल्या 391 सालाविषयीच्या, झिजलेल्या ओळीचा अर्थ असा लावला की जपान्यांनी समुद्र ओलांडून कोरियातली राज्यं अंकित केली होती. कोरिया गिळू पाहणाऱ्या साम्राज्याला हा अर्थ सोयीचा होता. 1972मध्ये जपानस्थित कोरियन अभ्यासक ली जिनही यांनी शिळेवर चुना भरून अक्षरं बदलल्याचा आरोप केला; पुढे चिनी संशोधक वांग जियानचुन यांनी शिळेची पाहणी करून तो नाकारला. वाद विझलेला नाही.

याच सावलीत शिन चेहो या पत्रकार-इतिहासकाराने 1908मध्ये वर्तमानपत्रातून नव्या इतिहासदृष्टीची लेखमाला लिहिली. राजवंशांची जंत्री सोडा, इतिहासाचा नायक म्हणजे लोकसमूह, असं त्याचं म्हणणं. किम बुशिकने शिल्लाचा पक्षपात केला आणि चीनपुढे मान तुकवली, असा त्याचा आक्षेप होता. खरी कोरियन परंपरा त्याला मंचुरियापर्यंत पसरलेल्या गोगुर्योत दिसली आणि यॉन गेसोमुन त्याला वीर वाटला. 1936मध्ये तो जपानी तुरुंगात, लुशुन इथे मरण पावला. शंभर वर्षांनंतरच्या मालिकांचा नकाशा, त्यांचे नायक आणि खलनायक जवळपास त्यानेच आखून ठेवलेले आहेत. ‘जुमोंग’मधला नायक सोंग इलगुक हाही त्याच वारशातला: जपान्यांविरुद्ध 1920ची चोंगसानरीची लढाई लढलेल्या किम जवाजिन या सेनानीचा तो पणतू. हान सेनेपुढे ठाकलेल्या जुमोंगमध्ये कोरियन प्रेक्षकाला मंचुरियात लढलेले विसाव्या शतकातले स्वातंत्र्यसैनिक दिसावेत, याला एवढी कारणं होती.

वीरकथेचा एकदा जम बसला की तिच्यात जुन्या दंतकथाही इतिहास म्हणून शिरतात. 645मध्ये तांग सम्राट तायझोंग गोगुर्योवर चालून आला, आन्सी किल्ल्याला वेढा घालून बसला आणि हिवाळा तोंडावर आल्यावर परतला, इथपर्यंत चिनी आणि कोरियन ग्रंथांचं जुळतं. ‘यॉन गेसोमुन’ मालिकेत मात्र सम्राटाच्या डोळ्यात बाण घुसतो. हा बाण तांगच्या बखरींत नाही, ‘सामगुक सागी’तही नाही, तो सापडतो चौदाव्या शतकातल्या ई सेक या कवीच्या रचनेत, म्हणजे सातशे वर्षांनंतर. किल्लेदाराचं नाव आपल्यापर्यंत आलेलं नाही, असं किम बुशिकने हळहळून लिहिलं आहे. तेही नंतरच्या शतकांत मिळालं: यांग मानचुन. 2018च्या ‘द ग्रेट बॅटल’ या चित्रपटात हे नाव आणि तो बाण दोन्ही पुन्हा झळकले.

बाल्हेच्या बाबतीत तर मूळ प्रश्नच निराळा. तिथल्या लोकांनी लिहिलेला स्वतःचा इतिहास उरलेला नाही. 926मध्ये खितानांनी ते राज्य बुडवलं. जे आहे ते बाहेरच्यांनी लिहिलेलं. तांग घराण्याचा जुना इतिहास दे जोयोंगला गोगुर्योच्याच एका वेगळ्या शाखेचा म्हणतो. नवा इतिहास सांगतो की बाल्हेचे लोक मूळचे सोंगहुआ नदीकाठचे, गोगुर्योशी जोडलेले मालगाल. किम बुशिकने बाल्हेला आपल्या इतिहासात घेतलंच नाही. 1784मध्ये यू दुकगोंगने बाल्हेचा इतिहास लिहून या वगळण्याबद्दल आधीच्या इतिहासकारांना दोष दिला. राज्याची प्रजा मिश्र होती, गोगुर्योतून आलेले लोक आणि मालगाल एकत्र नांदत होते, हे साधारण मान्य आहे. मालिकेत मात्र दे जोयोंग निःसंशय गोगुर्योचा वारस आहे आणि मालगाल त्याचे इमानी, रांगडे सोबती. मालगालांची परंपरा पुढे जुरचेनांत आणि त्यांच्यामार्फत मांचूंत मिसळली. आज त्यांच्या नावाचं राष्ट्र नाही, वाहिनी नाही, त्यामुळे बाल्हेवर दावा सांगणारी त्यांची स्वतःची मालिकाही नाही.

उत्तर कोरियाने हेच काम दगडात केलं. प्याँगयांग 427पासून गोगुर्योची राजधानी होती, हा तिथल्या राजवटीच्या अभिमानाचा विषय. जुमोंगची म्हणून ओळखली जाणारी समाधी 1993मध्ये भव्य रूपात नव्याने बांधण्यात आली. त्याच वर्षी सगळ्या कोरियनांचा पौराणिक आद्यपुरुष दांगुन याची हाडं सापडल्याचं जाहीर झालं आणि पुढच्या वर्षी त्याच्यासाठीही प्रचंड समाधी उभी राहिली. हाडं पाच हजार वर्षांपूर्वीची आहेत, या दाव्यावर देशाबाहेरच्या अभ्यासकांनी विश्वास ठेवला नाही. दक्षिणेकडेही दांगुनच्या नावाने 3 ऑक्टोबरला राष्ट्रीय सुट्टी असते.

भारतीय वाचकाला या सगळ्यात ओळखीचं वाटेल असं एक पात्र आहे. ‘सामगुक युसा’ सांगतो की दक्षिण टोकाच्या गाया राज्याचा पहिला राजा सुरो हाही अंड्यातूनच जन्मला. आकाशातून उतरलेल्या सोन्याच्या पेटीत सहा अंडी होती, त्यांतलं एक त्याचं. सन 48मध्ये ‘आयुता’ देशाची सोळा वर्षांची राजकन्या हो ह्वांगोक समुद्रमार्गे आली आणि त्याची राणी झाली. 2010मध्ये एमबीसीने ‘किम सुरो’ ही 32 भागांची मालिका केली. सुरोलाही तिथे माणसाच्याच पोटी जन्म मिळाला, आणि राज्याच्या भरभराटीचं श्रेय गेलं लोखंडाला. गायाच्या थडग्यांतून निघालेल्या लोखंडी पट्ट्या, शस्त्रं आणि चिलखतं पाहता हे श्रेय तरी पुराव्याला धरून आहे. आयुता म्हणजे अयोध्या ही सांगड केवळ नावाच्या साम्यावरून घातलेली आहे. अनेक अभ्यासकांना ती पटत नाही. तरीही सुरोच्या वंशजांच्या पुढाकाराने 2001मध्ये अयोध्येत शरयूकाठी राणीचं स्मारक झालं आणि नोव्हेंबर 2018मध्ये दक्षिण कोरियाच्या तत्कालीन राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी किम जंगसुक तिथल्या दीपोत्सवाला आल्या.

साधनं जितकी कमी तितकी मालिका लांब, हे कोरियापुरतं नाही. उस्मानी साम्राज्याच्या संस्थापकाचा बाप एर्तुरुल याच्याविषयी समकालीन पुरावा जवळजवळ एवढाच: मुलाने पाडलेल्या नाण्यावर ‘एर्तुरुलचा मुलगा उस्मान’ असा मजकूर आहे. बाकी कथा दीड-दोनशे वर्षांनंतरच्या बखरींतल्या. तुर्कस्तानच्या सरकारी टीआरटी वाहिनीने 2014 ते 2019 या काळात त्यावर पाच मोसमांचे दीडशे भाग काढले. एप्रिल 2020मध्ये, रमजानच्या तोंडावर, पंतप्रधान इम्रान खान यांच्या आग्रहाने पाकिस्तानच्या सरकारी वाहिनीने ती मालिका उर्दूत आणली. अनातोलियातल्या एका टोळीच्या कुळकथेत लाहोर-कराचीच्या प्रेक्षकांना आपला इतिहास दिसू लागला.

‘जुमोंग’चा परदेश प्रवास मात्र वेगळ्या वाटेने झाला. इराणच्या सरकारी वाहिनीने ती फारसीत डब करून दाखवली आणि ती तिथे इतकी डोक्यावर घेतली गेली की 2009मध्ये सोंग इलगुक तेहरानला गेला. इराणी प्रेक्षकाला ईशान्य प्रकल्पाशी देणंघेणं नव्हतं. गोजोसन कुठे होतं, हेही त्याला ठाऊक असण्याचं कारण नव्हतं. त्याने पाहिला तो बलाढ्य साम्राज्यापुढे उभा राहिलेला दुबळा मुलगा, त्याची सोसणारी आई आणि सावत्र भावांचा जाच. नकाशा गळून पडला तरी गोष्ट उभी राहिली, याचं श्रेय पटकथाकारांना द्यायलाच हवं.

मायदेशी मात्र प्रेक्षक नकाशा सोडायला तयार नाही, आणि गेल्या काही वर्षांत तो वाहिन्यांवरच उलटला आहे. मार्च 2021मध्ये एसबीएसने ‘जोसन एक्सॉर्सिस्ट’ ही भुताखेतांची मालिका आणली. पहिल्याच भागात कोरियन राजपुत्र पाहुण्यापुढे चिनी धाटणीचे पदार्थ मांडतो. मूनकेक आणि काळी मुरवलेली अंडी ताटात दिसली आणि गहजब झाला. जाहिरातदारांनी अंग काढून घेतलं आणि दोन भागांनंतर, आठवड्याच्या आत, मालिका कायमची बंद पडली. ती काल्पनिक आहे, हा खुलासा कुणी ऐकून घेतला नाही.

2023च्या नोव्हेंबरमध्ये केबीएसने ‘गोर्यो-खितान युद्ध’ सुरू केली. तिच्यात प्रमुख भूमिकेत होता चोई सूजोंग, याआधी दे जोयोंग साकारलेला नट. पहिल्या भागांचं फार कौतुक झालं; पण जानेवारीत कथानक दरबारी हेवेदाव्यांत अडकलं, गोर्यो राज्याचा राजा ह्यॉनजोंग रागाच्या भरात घोडा दामटून अपघात ओढवून घेतो असं दाखवलं गेलं, आणि प्रेक्षकांनी केबीएसकडे तक्रार अर्जांची रीघ लावली. मूळ कादंबरीच्या लेखकानेही जाहीर नाराजी व्यक्त केली. या वेळचा वाद देशाभिमानाचा नव्हता. 1451मध्ये पुरा झालेला गोर्यो राज्याचा इतिहास कोरियाच्या राष्ट्रीय इतिहास संस्थेने कोरियन भाषांतरासह इंटरनेटवर मोफत ठेवला आहे, आणि ह्यॉनजोंगच्या कारकिर्दीची पानं कुणालाही उघडून पाहता येतात. दहाव्या-अकराव्या शतकातल्या राजाबाबत पटकथाकाराला निदान एवढी तपासणी सोसावी लागते. गोगुर्योच्या पहिल्या राजाबाबत ती शक्य नाही, म्हणून तिथला वाद पटकथाकाराच्या टेबलावर न राहता दोन देशांच्या परराष्ट्र मंत्रालयांत जातो.